सातबारा, टोकन आणि कोळशाची रेघ

वर्ध्याहून बल्लारशाकडे जाणाऱ्या लोहमार्गाचा जन्मच कोळशासाठी झाला. १८७०च्या दशकात सरकारने वर्ध्यापासून हिंगणघाटमार्गे वरोऱ्यापर्यंत रूळ टाकले. त्या मार्गाचं अधिकृत नाव होतं ‘वर्धा कोल स्टेट रेल्वे’. वरोऱ्याची खाण पुढे विसाव्या शतकाच्या सुरुवातीला बंद पडली आणि कोळशाचा शोध नदीच्या उताराने दक्षिणेकडे सरकला. बल्लारपूर, राजुरा, घुग्गुस, वणी अशी एकेक गावं खाणीची गावं झाली. भूशास्त्रज्ञ या साऱ्या पट्ट्याला वर्धा खोऱ्याचं कोळसाक्षेत्र म्हणतात. वर्धा म्हटलं की देशाला सेवाग्राम आठवतं, चरखा आणि बापूकुटी आठवते. कोळशाच्या धंद्यातल्या माणसाला त्याच नावाने काळा थर आठवतो. नदी एकच आहे. आर्वी, पुलगावच्या बाजूने वाहत जिल्ह्याची हद्द आखणारी ही नदी खाली चंद्रपूर जिल्ह्यात उतरते, आणि तिथे तिच्या काठावर राजुरा तालुक्यातलं सास्ती हे गाव आहे.

१९८६ मध्ये या सास्तीत प्रभाकर पाचपुते यांचा जन्म झाला. आज कोळसा, शेती आणि माणसाची ओळख या विषयांवर काम करणाऱ्या जगभरातल्या दृश्यकलावंतांमध्ये त्यांचं नाव आदराने घेतलं जातं. साओ पाउलो, ब्रिस्बेन, कोची, कार्डिफ, व्हेनिस असा त्यांच्या कामाचा प्रवास झाला आहे. ते भिंतीवर चारकोलने चित्रं काढतात, त्याच रेघांमधून ॲनिमेशनपट करतात, शिल्पं घडवतात आणि हे सगळं एका खोलीत अशा रीतीने मांडतात की पाहणारा चित्रासमोर उभा न राहता चित्राच्या आत शिरतो. मराठीत या प्रकाराला मांडणशिल्प हा चांगला शब्द रुळला आहे.

सास्तीची जागा नीट समजून घेतली पाहिजे. नदीच्या एका काठाला बल्लारपूर, गोंड राजांच्या किल्ल्याचं आणि पुढे कागद कारखान्याचं गाव. दुसऱ्या काठाला राजुरा आणि सास्ती. या दुसऱ्या काठावर १९४८ पर्यंत निजामाचं राज्य होतं, म्हणजे नदी ओलांडली की राज्य बदलायचं. या भागात मराठीच्या जोडीला तेलुगूही कानावर पडते, गोंडीही. जमिनीवर कापूस, तूर, ज्वारी आणि जमिनीखाली कोळसा. हा कोळसा साधारण २५ ते ३० कोटी वर्षांपूर्वीच्या दलदलीतल्या जंगलांचा आहे. ग्लॉसॉप्टेरिस नावाच्या, आज नामशेष झालेल्या वनस्पतींची पानं त्या खडकांत दबलेली सापडतात. त्या खडकांना भूशास्त्राने गोंडवन हेच नाव दिलं, गोंडांच्या मुलखावरून. मुलखाने जगाच्या भूगोलाला नाव दिलं, आणि त्याच मुलखातली माणसं आपली ओळख कागदोपत्री सिद्ध करत तहसील कचेरीच्या पायऱ्या झिजवत राहिली.

पाचपुते यांच्या घराच्या तीन पिढ्या कोळशाच्या खाणीशी बांधलेल्या. खाणीच्या गावात ओळख कशी घडते, कशी मोडते, हे त्यांना कुणी शिकवावं लागलं नाही.

विदर्भातल्या शेतकऱ्याला विचारा, तुम्ही कोण? तो नाव सांगेल, गाव सांगेल, आणि मग शेती किती ते सांगेल. सातबाऱ्यावर नाव असणं ही गावातली पत. त्या कागदावर आजोबांचं नाव असतं, वाटण्या असतात, विहीर असते, बांधावरची झाडंसुद्धा नोंदवलेली असतात. खाण आली की हा कागद सरकारजमा होतो. कोळसा असलेली जमीन ताब्यात घेण्यासाठी १९५७ चा स्वतंत्र कायदा आहे. १९७३ मध्ये खाणींचं राष्ट्रीयीकरण झालं, १९७५ मध्ये वेस्टर्न कोलफिल्ड्स म्हणजे स्थानिक बोलीतली ‘वेकोलि’ उभी राहिली. जमिनीच्या बदल्यात मोबदला आणि घरातल्या एकाला नोकरी, हा या पट्ट्यातल्या कित्येक कुटुंबांच्या आयुष्याचा व्यवहार झाला. कालचा शेतकरी आज ‘प्रकल्पग्रस्त’ झाला, उद्या ‘कामगार’ झाला. भूमिगत खाणीत उतरण्याआधी तो लॅम्प रूममध्ये जातो, टोकन देतो आणि कॅप लॅम्प घेतो. खाली किती माणसं आहेत, वर किती आली, याचा हिशेब टोकनवरून लागतो. अपघात झाला तर कोण अडकलं आहे हेही आधी तो नंबर सांगतो. सातबाऱ्यावरच्या नावापासून टोकनवरच्या नंबरापर्यंतचा हा प्रवास एका पिढीत घडतो.

पाचपुते यांच्या चित्रांतली माणसं या ठिकाणी उभी आहेत. ती अर्धी माणसं, अर्धी अवजारं आहेत. एखाद्याच्या खांद्यावर डोकं नाहीच, त्या जागी दिवा आहे. कुणाच्या मानेवर घर आहे, कुणाच्या धडातून जमिनीचे थर दिसतात. पहिल्यांदा पाहणाऱ्याला हे स्वप्नातलं वाटतं आणि युरोपातल्या समीक्षकांना त्यात अतिवास्तववाद दिसतो. खाणीत काम केलेल्या माणसाला मात्र यात विचित्र असं काही वाटणार नाही. अंधारात समोरून येणाऱ्या सोबत्याचा चेहरा दिसत नाही, फक्त कपाळावरचा उजेड दिसतो. कोण येतंय हे दिव्याच्या हलण्यावरून ओळखायचं असतं. डोक्याच्या जागी दिवा काढणं म्हणूनच अनुभवाची सरळ नोंद वाटते.

त्यांचं शिक्षण शिल्पकलेचं. २००९ मध्ये खैरागडच्या इंदिरा कला संगीत विश्वविद्यालयातून पदवी, २०११ मध्ये बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठातून पदव्युत्तर पदवी. खैरागड हे छत्तीसगडमधलं लहानसं गाव आहे. महाराष्ट्राच्या पूर्व टोकाच्या मुलाला मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टपेक्षा ते जवळचं. बडोद्यात मात्र भारतीय आधुनिक कलेचा सारा वाद-संवाद होता. तिथून मुंबईला आल्यावर २०१२ मध्ये क्लार्क हाऊस इनिशिएटिव्हमध्ये त्यांचं पहिलं महत्त्वाचं प्रदर्शन झालं. सुमेश शर्मा आणि झाशा कोला यांनी २०१० मध्ये सुरू केलेली ही कुलाब्याची जागा. नेहमीच्या गॅलऱ्यांच्या दारात सहजी न पोचणाऱ्या कलावंतांना तिने हक्काची भिंत दिली.

त्या प्रदर्शनाचं नाव ‘कॅनरी इन अ कोलमाइन’. कॅनरी हा पिवळा, गाणारा, चिमणीएवढा पक्षी. खाणीत कार्बन मोनॉक्साइड साठला तर माणसाला वास येत नाही, रंग दिसत नाही. पक्ष्याचं शरीर लहान, श्वास जलद, त्यामुळे विषाचा परिणाम त्याच्यावर आधी होतो. जे. एस. हाल्डेन या शास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस हा उपाय सुचवला आणि ब्रिटनच्या खाणींत कॅनरीचे पिंजरे १९८६ पर्यंत वापरात राहिले. पाचपुते यांचं जन्मसाल नेमकं तेच. त्यांच्या प्रदर्शनाने विचारलेला प्रश्न असा होता: आता धोक्याची सूचना देणारा पक्षी कोण? उत्तर भिंतीवरच होतं. शहराला वीज मिळावी म्हणून खाली उतरणारा माणूस.

इथे थोडं साधनाबद्दल बोललं पाहिजे, कारण या कलावंताच्या बाबतीत साधन आणि विषय वेगळे काढता येत नाहीत. चित्रकाराचा चारकोल म्हणजे खाणीतला कोळसा नव्हे. तो विलोसारख्या झाडाच्या बारीक काड्या हवा न लागू देता भाजून करतात. पण मुळात दोन्ही कार्बनच, एक काही तासांत झालेला आणि दुसरा कोट्यवधी वर्षांत. चारकोलचा मोठा गुण आणि मोठा दोष एकच, तो भिंतीला चिकटत नाही. बोटाने पुसता येतो, फडक्याने पसरवता येतो, बाही लागली तरी रेघ फरफटते. चित्र टिकवायचं तर त्यावर फिक्सेटिव्ह फवारावं लागतं. पाचपुते प्रदर्शनाच्या भिंतीवर थेट काढतात, तेव्हा प्रदर्शन संपल्यावर ती भिंत पुन्हा पांढरी होते. महिनाभराचं काम एका दिवसात जातं.

आणि या पुसल्या जाण्यातूनच त्यांचा चित्रपट तयार होतो. चारकोलच्या स्टॉप-मोशन ॲनिमेशनची रीत अशी असते: एक चित्र काढायचं, कॅमेऱ्याने त्याचा फोटो घ्यायचा, मग चित्रातला थोडासा भाग पुसून पुढे सरकवायचा, पुन्हा फोटो. सेकंदाला १२ चित्रं धरली तरी एका मिनिटाच्या हालचालीसाठी ७२० वेळा पुसणं आणि काढणं आलं. वेगवेगळ्या कागदांवर नवी चित्रं काढणाऱ्या ॲनिमेशनमध्ये मागचं काही उरत नाही. एकाच पृष्ठभागावर चारकोलने केलं की मागच्या प्रत्येक रेघेचा करडा माग शिल्लक राहतो. माणूस चालत पुढे जातो आणि त्याच्या मागे तो जिथे-जिथे उभा होता त्या सगळ्या जागा धुरकट दिसत राहतात. जमीन बदलत जाण्याची गोष्ट सांगायला याहून योग्य तंत्र सापडणं कठीण आहे. शेत, मग खड्डा, मग ओबीचा डोंगर. ओबी म्हणजे ओव्हरबर्डन, कोळशावरचा माती-दगडाचा थर. खुल्या खाणीत तो आधी उपसून बाजूला टाकतात आणि त्याचे कृत्रिम डोंगर होतात. पठारी मुलखात क्षितिजावर डोंगर दिसला तर तो ओबीचाच, हे इथल्या शाळकरी मुलालाही ठाऊक असतं.

या तंत्राचं जगातलं सर्वांत गाजलेलं नाव दक्षिण आफ्रिकेच्या विल्यम केंट्रिज यांचं. १९८९ पासून त्यांनी चारकोलच्या चित्रांमधून जोहान्सबर्गच्या आयुष्यावर लघुपटांची मालिका केली. त्यातला १९९१ चा ‘माइन’ हा सहा मिनिटांचा लघुपट प्रत्येकाने एकदा पाहावा. खाणमालक पलंगावर बसून कॉफी पितो आहे. कॉफीच्या काचेच्या भांड्यातला दट्ट्या तो खाली दाबतो, आणि दट्ट्या भांड्याचा तळ फोडून, पलंग फोडून, जमीन फोडून खाली जातो. खाली झोपलेल्या, आंघोळ करणाऱ्या, खणणाऱ्या कामगारांच्या जगातून तो खोल खाणीपर्यंत पोचतो. एका हालचालीत न्याहारी आणि खाण जोडली जाते. केंट्रिज यांचे वडील नेल्सन मंडेला यांची बाजू लढवणारे नामवंत वकील. त्या घरातून खाणीकडे बघायचं तर वरून खालीच बघावं लागणार, आणि केंट्रिज यांनी प्रामाणिकपणे तसंच बघितलं. त्यांच्या मालिकेचा नायक मालकच आहे. पाचपुते यांच्या कामात मालक जवळपास दिसतच नाही. कॅमेरा खालीच आहे, आणि वर काय चाललंय ते अंगावर पडणाऱ्या मातीवरून कळतं. दोघांची साधनं सारखी, पण कोणत्या घरातून आलो याने चित्राची दिशा ठरते. ओळखीचा प्रश्न कलेत असा शिरतो, आणि त्यासाठी कलावंताने स्वतःचा चेहरा काढण्याची गरज नसते.

वर्ध्याच्या वाचकाला इथे आणखी एक चित्रमालिका आठवेल. गांधीजी १९३६ मध्ये सेवाग्रामला राहायला आले, आणि १९३८ च्या हरिपुरा काँग्रेससाठी त्यांच्या सांगण्यावरून नंदलाल बोस यांनी खेड्यातल्या माणसांची चित्रं रंगवली. वादक, सुतार, शिकारी, घरकाम करणाऱ्या बाया. त्या चित्रांत माणूस आणि त्याचं अवजार यांचं नातं सुखाचं आहे. हात कामात गुंतलेला, अंगाला डौल, रेषेला लय. खेड्याला आपली ओळख कामातून मिळते, हा सेवाग्रामच्या विचाराचा गाभा. १९३७ मध्ये वर्ध्याच्या शिक्षण परिषदेत मांडली गेलेली नई तालीमसुद्धा त्याच विश्वासावर उभी होती. पाचपुते यांच्या चित्रांतही माणूस अवजाराशी एकजीव झालेला आहे, पण आता अवजाराने माणसाला गिळलं आहे. हरिपुराच्या चित्रांशेजारी ही चित्रं ठेवून पाहिली तर विदर्भाच्या गावांचं ऐंशी वर्षांत काय झालं ते पुष्कळ अहवालांपेक्षा लवकर समजतं.

२०१४ च्या साओ पाउलो बिएनाले या दर दोन वर्षांनी भरणाऱ्या कलाप्रदर्शनात पाचपुते यांनी ‘डार्क क्लाउड्स ऑफ द फ्यूचर’ हे काम केलं. मग ब्रिस्बेनचं आशिया पॅसिफिक ट्रायनिअल आलं. या प्रवासात त्यांना जगभरची खाणगावं भेटत गेली, आणि सास्तीचा माणूस एकटा नाही हे कामातूनच स्पष्ट होत गेलं.

यातली सर्वांत जवळची सोयरीक जुळली ती वेल्सशी. दक्षिण वेल्सचं कोळसाक्षेत्र म्हणजे ब्रिटनच्या औद्योगिक वैभवाचा पाया. १९६६ मध्ये तिथल्या ॲबरफॅन गावात खाणीच्या मलब्याचा डोंगर घसरून शाळेवर आला आणि १४४ जीव गेले, त्यात ११६ मुलं होती. १९८४-८५ चा खाणकामगारांचा संप वर्षभर चालला आणि मोडला. त्यानंतर एकेक खाण बंद होत गेली. उरले ते कामगार संघटनांचे मोठाले, रंगीत, झालरीचे फलक, मिरवणुकीत दोन काठ्यांवर तोलून धरायचे. कार्डिफच्या ‘आर्टेस मुंडी’ या पुरस्कार-प्रदर्शनाच्या नवव्या आवृत्तीसाठी पाचपुते यांची निवड झाली, तेव्हा त्यांनी वेल्सच्या खाणीचा इतिहास आणि हे फलक अभ्यासले आणि त्यांच्या धर्तीवर स्वतःच्या चित्रांचे फलक केले. कोविडमुळे प्रदर्शन लांबलं. २०२१ मध्ये निकाल लागला तेव्हा परीक्षकांनी एकाला न निवडता सहाही कलावंतांना पुरस्कार दिला. त्यात कॅरी मे वीम्स यांच्यासारख्या ज्येष्ठ अमेरिकन कलावंतासोबत सास्तीचे पाचपुते होते.

त्याआधी, मार्च २०१८ मध्ये नाशिकहून मुंबईला हजारो शेतकरी चालत आले होते. सुमारे १८० किलोमीटर. त्यांच्या सोललेल्या तळपायांचे फोटो सगळ्या महाराष्ट्राने पाहिले. त्याच वर्षअखेर कोची-मुझिरिस बिएनालेमध्ये पाचपुते यांनी ‘रेझिलियंट बॉडीज इन द एरा ऑफ रेझिस्टन्स’ हे काम मांडलं. खाणीपासून सुरू झालेली त्यांची वाट इथे शेताकडे वळलेली दिसते. खरं तर ती कधी शेतापासून दूर गेलीच नव्हती. खाण आणि शेत एकाच जमिनीची दोन रूपं आहेत, वरचं आणि खालचं.

कष्टकऱ्याची ओळख त्याच्या कामातून शोधणारं असंच काम मुंबईत दृश्यकलावंत अमोल के. पाटील करतात. त्यांचा जन्म १९८७ चा, म्हणजे पाचपुते यांच्यापेक्षा ते एका वर्षाने लहान. क्लार्क हाऊसशी त्यांचाही संबंध आला. आजोबा पोवाडे रचणारे, वडील नाटककार, आणि घराचं जग मुंबईच्या चाळींचं, महापालिकेच्या कामगारांचं. सफाईचं काम आणि जात यांची गाठ या शहरात किती घट्ट आहे हे सांगायला नको. पाटील यांनी ती गाठ चित्रफीत, आवाज, ब्राँझची लहान शिल्पं आणि हालचाल यांतून दाखवली. २०२२ मध्ये जर्मनीतल्या कासेल इथे झालेल्या ‘डॉक्युमेंटा १५’ या कलाप्रदर्शनात त्यांनी ‘ब्लॅक मास्क्स ऑन रोलर स्केट्स’ हे मांडणशिल्प केलं. त्यात पायात चाकाचे बूट घालून, रेडिओ ऐकत रस्ता झाडणारा सफाई कामगार आहे. ज्याच्याकडे शहर कधी मान वर करून बघत नाही, तो अचानक सरकत, गाणं वाजवत येतो आणि लोकांना वळून बघावंच लागतं. पाचपुते यांचा माणूस जमिनीच्या वजनाखाली वाकलेला, पाटील यांचा माणूस रस्त्यावर हलका झालेला. दोन्ही ठिकाणी काम हीच ओळख आहे, आणि त्या ओळखीतून सुटण्याची धडपडही त्या कामातच आहे.

२०२२ मध्येच पाचपुते यांचं काम व्हेनिस बिएनालेच्या मुख्य प्रदर्शनात होतं. सेसिलिया अलेमानी यांनी जगभरातून निवडलेल्या कलावंतांच्या त्या प्रदर्शनात जागा मिळणं हा आजच्या दृश्यकलेतला फार मोठा मान समजला जातो. मराठी वृत्तपत्रांत त्याची बातमी एखाद्या क्रिकेटपटूच्या सराव सामन्याएवढीही झाली नाही, याचं वाईट वाटतं.

त्याहून जास्त वाईट याचं वाटतं की हे काम पाहायला कार्डिफ किंवा कोलकात्याच्या गॅलरीत जाणं सोपं आणि विदर्भात ते भेटणं अवघड. खरं तर त्यासाठी वर्ध्यात जागा आहे. गांधीजींच्या हस्ते ३० डिसेंबर १९३८ ला उघडलेलं मगन संग्रहालय ग्रामोद्योगाच्या अवजारांसाठी उभं राहिलं. मगनवाडीत काम करणाऱ्या जे. सी. कुमारप्पांनी निसर्गाच्या साठ्यावर जगणारी अर्थव्यवस्था किती काळ टिकेल, हा प्रश्न मांडला. कोळसा हे त्या साठ्याचं सगळ्यात मोठं उदाहरण. चरखे, घाण्या, कुंभाराची चाकं यांच्या शेजारच्या एका खोलीत भिंत रिकामी करून पाचपुते यांना चारकोल घेऊन महिनाभर बोलवावं. हिंगणघाट, देवळी, समुद्रपूरच्या शाळांची मुलं सहलीला तिथे येतातच. त्यांनी चित्र पूर्ण झालेलं बघू नये, होताना बघावं. एका माणसाच्या मानेवर घर कसं येतं, ते पुसून तिथे दिवा कसा येतो, आणि पुसलेल्या घराचा माग दिव्याच्या मागे कसा दिसत राहतो, हे त्यांना शेजारी उभं राहून पाहता येईल. राजुऱ्याच्या मुलांना तर नदीपलीकडच्या बल्लारशाहून रेल्वेने सकाळी निघून संध्याकाळी परतता येईल, कोळशासाठी टाकलेल्या त्याच रुळांवरून.